जुनं फुटेज शोधताना: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

माहितीपट करणारे, मालिकांसाठी संशोधन करणारे, चित्रपटांचे सहायक दिग्दर्शक, फिल्म शिकणारी मुलं आणि घरात जुनी रिळं सापडलेले लोक अशा सगळ्यांकडून मला, एका फुटेज संशोधकाला, आलेले प्रश्न इथे एकत्र केले आहेत. आधी साधे प्रश्न आहेत, मग अडचणीचे. घाई असेल तर निदान ३, ६ आणि १३ वाचा. कायद्याबद्दलचा मजकूर कामापुरता आहे. करारावर सही करण्याआधी वकिलाचा सल्ला घ्या.

१. फुटेज संशोधक नेमकं काय करतो? शोधाशोध तर आम्हीही करू शकतो.

जरूर करा. पण शोधणं हा या कामाचा एक भाग झाला. तुम्हाला हवं ते दृश्य कुणी कधी टिपलं होतं का, टिपलं असेल तर त्याची सर्वात चांगली प्रत आज कुठे आहे, लेबलवर लिहिलंय तेच खरोखर चित्रात आहे का आणि ते वापरायची परवानगी कोण देऊ शकतं, या चार प्रश्नांची उत्तरं संशोधकाला मिळवावी लागतात. नंतर परवाना, मास्टर फाइल (म्हणजे पूर्ण दर्जाची मूळ प्रत), श्रेयनामावलीतली ओळ आणि शेवटच्या संकलनातल्या सेकंदांचा हिशेब हेही तोच पाहतो.

आपल्याकडे हे काम नवं नाही. ए. के. चेट्टियार यांनी १९३७ ते १९४० या काळात महात्मा गांधींवरच्या माहितीपटासाठी देशोदेशी फिरून निरनिराळ्या कॅमेरामननी टिपलेली दृश्यं गोळा केली. त्यांच्या हाताशी कॅटलॉग किंवा इंटरनेट नव्हतं. गांधीजींचं चित्रीकरण कुणी केलं असेल, हे आधी माणसांना विचारत जायचं, मग रिळांपर्यंत पोहोचायचं. कामाची ही पद्धत आजही तीच आहे.

२. संशोधकाला कधी बोलवावं? संकलन झाल्यावर चालेल का?

पटकथा लिहिली जात असतानाच बोलवा. संकलनानंतर बोलावलं की नेहमी एकच गोष्ट घडते. संकलकाने इंटरनेटवरून उतरवलेला एखादा धूसर शॉट तात्पुरता लावलेला असतो, दिग्दर्शकाचा त्यावर जीव जडलेला असतो, पार्श्वसंगीतही त्याच लांबीवर बांधलेलं असतं. मग कळतं की मास्टर सापडत नाही किंवा मालक परवानगी देत नाही. सरकारी संस्थेला पत्र, त्यावर मंजुरी, रीळ तपासणं, स्कॅन करणं, पैसे भरणं यात आठवडे जातात, कधी कधी महिने. हा वेळ वेळापत्रकात आधीच धरायला हवा.

३. भारतात शोध कुठून सुरू करू?

विषयाच्या काळावरून ठरवा.

१९४८ नंतरच्या घटनांसाठी पहिलं दार फिल्म्स डिव्हिजनचं. मुंबईत पेडर रोडवर वसलेल्या या संस्थेचा वृत्तपटांचा आणि माहितीपटांचा साठा २०२२ च्या विलीनीकरणानंतर एनएफडीसीकडे, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आहे. मूळ चित्रपटाआधी हे वृत्तपट दाखवणं चित्रपटगृहांना बंधनकारक होतं आणि ते मराठीसह अनेक भाषांतल्या निवेदनासह निघत. त्यामुळे धरणं, पूर, निवडणुका, पाहुण्यांचे दौरे असं बरंच काही तिथे मिळतं. पण तो सरकारचा कॅमेरा होता, हे विसरू नका. धरणाचं उद्घाटन सापडेल. त्या धरणात बुडालेल्या गावांचा मोर्चा सापडेलच असं नाही.

त्याआधीच्या काळात एक मोठी पोकळी आहे. युद्धकाळात ब्रिटिश सरकारने सुरू केलेल्या इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया आणि इंडियन न्यूज परेड या यंत्रणा १९४६ मध्ये बंद झाल्या आणि फिल्म्स डिव्हिजन सुरू झालं १९४८ मध्ये. म्हणजे ऑगस्ट १९४७ मध्ये सरकारचं स्वतःचं वृत्तपट खातंच नव्हतं. स्वातंत्र्याच्या त्या दिवसांची जी दृश्यं आपण वारंवार पाहतो, ती खाजगी कॅमेरामन आणि परदेशी वृत्तपट कंपन्यांमुळे उरली. या काळावर काम करत असाल तर प्रश्न ४ पाहा.

कथापटांसाठी पुणं गाठा. लॉ कॉलेज रस्त्यावरचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये स्थापन झालं. पी. के. नायर यांनी गावोगाव फिरून, निर्मात्यांच्या आणि वितरकांच्या मागे लागून ते उभं केलं. तेही आता एनएफडीसीचाच भाग आहे. तिथे प्रिंटबरोबर पोस्टर, स्थिरचित्रं, गाण्यांच्या पुस्तिका आणि सेन्सॉरकडे दिलेल्या संहिताही आहेत. आधी ग्रंथालयात बसा आणि मग रीळ मागा. एक गोष्ट मात्र पक्की ध्यानात ठेवा. संग्रहालयाकडे प्रिंट असते, हक्क बहुधा निर्मात्याकडे किंवा त्याच्या वारसांकडे असतात. एकाची परवानगी म्हणजे दुसऱ्याची नव्हे.

दूरदर्शनचं मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं. सत्तर-ऐंशीच्या दशकांतला महाराष्ट्र हवा असेल तर तिथे विचारावंच लागतं. पण टेप महाग असल्यामुळे एकावर दुसरं रेकॉर्ड करण्याची रीत जगभरच्या वाहिन्यांमध्ये होती. कार्यक्रम प्रसारित झाला होता म्हणजे तो उरला आहे, असं गृहीत धरू नका.

आणि मग घरं. कामगार संघटनांची कपाटं, आश्रम, साखर कारखाने, जुने फोटो स्टुडिओ, कॅमेरामनची कुटुंबं. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या अंत्ययात्रेचं चित्रीकरण डिसेंबर १९५६ मध्ये नामदेवराव व्हटकर यांनी पदरमोड करून केलं, म्हणून ते आज आहे. ज्या समाजांकडे सत्तेचा कॅमेरा फारसा वळला नाही, त्यांचा इतिहास शोधताना मी संस्थांच्या आधी माणसांकडे जाते.

४. भारताच्या इतिहासासाठी परदेशी संग्रह का पाहायचे? कोणते?

कॅमेरे त्यांचे होते म्हणून. ब्रिटिश पाथे या जुन्या वृत्तपट कंपनीच्या संग्रहाने २०१४ मध्ये आपल्या सुमारे ८५,००० फिल्म यूट्यूबवर पाहायला ठेवल्या. असोसिएटेड प्रेस आणि ब्रिटिश मुव्हिटोन यांनी २०१५ मध्ये तेच केलं. लंडनचं इम्पीरियल वॉर म्युझियम आणि ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूट इथे वसाहतकाळाचं मोठं साहित्य आहे. केंब्रिज विद्यापीठाच्या दक्षिण आशिया अभ्यास केंद्रात भारतात राहिलेल्या ब्रिटिश कुटुंबांच्या घरगुती फिल्म आहेत. त्यांत साहेबांच्या बागेमागे आपली माणसं, बाजार आणि बैलगाड्या दिसतात. अमेरिकेच्या साउथ कॅरोलायना विद्यापीठाकडे फॉक्स मुव्हिटोन वृत्तपटांचा मोठा साठा आहे. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकी लष्कराने भारत-ब्रह्मदेश आघाडीवर केलेलं चित्रीकरण वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय अभिलेखागारात मिळू शकतं आणि अमेरिकी सरकारने स्वतः निर्माण केलेल्या साहित्यावर त्या देशात कॉपीराइट नसतो.

गोव्यावर काम करणाऱ्यांनी लिस्बन टाळूच नये. पोर्तुगीज दूरचित्रवाणी आरटीपीचे प्रसारण १९५७ मध्ये सुरू झाले आणि तिच्या जुन्या साठ्याचा काही भाग इंटरनेटवर पाहता येतो. सिनेमातेका पोर्तुगेझा ही तिथली राष्ट्रीय संस्था. डिसेंबर १९६१ ची, गोवा मुक्तीची गोष्ट फक्त दिल्लीच्या कॅमेऱ्यातून सांगितली तर ती निम्मीच होते.

परदेशी कॅटलॉगमध्ये शोधताना जुनी स्पेलिंग वापरा. पूना, कोलाबा, थाना, किरकी, शोलापूर, पंजिम. व्यक्तीच्या नावाऐवजी 'नेटिव्ह', 'क्राउड', 'रायट' असे त्या काळच्या लेखनिकाचे शब्दही टाकून पाहा. 'दंगल' म्हणून नोंदलेल्या रिळात अनेकदा शांत मिरवणूक असते.

५. एखाद्या घटनेचं फुटेज अस्तित्वात आहे की नाही, हे कसं कळणार?

त्या आठवड्याच्या वर्तमानपत्रांपासून सुरुवात करा. 'समारंभाचे चित्रीकरण करण्यात आले' अशी एक ओळ मिळाली तरी दिशा कळते. त्या दिवसाची स्थिरचित्रं पाहा, कारण कोपऱ्यात तिकाटण्यावरचा मूव्ही कॅमेरा दिसतो का हे त्यांतून समजतं. वृत्तपट कंपन्यांचे कॅमेरामन रिळासोबत शॉटची यादी पाठवत. डोप शीट म्हणतात तो कागद कधी कधी फिल्म हरवल्यावरही उरतो. सेन्सॉरने मंजूर केलेल्या फिल्मची नावं आणि लांबी सरकारी राजपत्रांत छापली जात, तेही चाळा.

आणि 'नाही' हे उत्तर स्वीकारायची तयारी ठेवा. आपल्याकडे अगदी सुरुवातीला चित्रीकरण करणाऱ्या सावेदादांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधली कुस्ती आणि १९०१ मध्ये रँग्लर परांजप्यांचं स्वागत टिपलं. ती रिळं आज नाहीत. आपल्याकडे साधारण १,३०० मूकपट झाले आणि त्यांतले तीसेक उरले, तेही बरेचसे तुकड्यांत. 'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी पहिलं आणि शेवटचं राहिलं. १९३१ च्या 'आलम आरा'ची एकही प्रत कुठे असल्याची नोंद नाही. २००३ मध्ये पुण्यात अत्यंत ज्वलनशील अशा नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि प्रभात फिल्म कंपनीच्या काळातलं मूळ साहित्य त्यात गेलं. या यादीकडे पाहिलं की उरलेल्या प्रत्येक रिळाशी नीट वागावंसं वाटतं.

६. डब्यावर नाव आणि तारीख लिहिली आहे. मग पुन्हा तपासायचं कशाला?

कारण डबे बदलतात, फिल्म बदलत नाही. गोदाम हलवताना एका डब्यातलं रीळ दुसऱ्यात जातं. जुन्या वृत्तपटात संकलकाने आधीच्या वर्षाचा एखादा शॉट भरीला घातलेला असतो. कॅटलॉग लिहिणाऱ्याला मराठी येत नसतं. एकदा चुकीची नोंद झाली की पुढच्या दहा माहितीपटांत तीच चूक छापल्यासारखी येते.

म्हणून चित्रच वाचावं लागतं. मुंबईच्या रस्त्यावर ट्राम धावत असेल तर ते दृश्य ३१ मार्च १९६४ नंतरचं असू शकत नाही, कारण त्या दिवशी ट्राम बंद झाली. दुकानाच्या पाटीवर नये पैसे असतील तर १९५७ नंतरचं. भिंतीवरचं चित्रपटाचं पोस्टर तर जवळजवळ आठवडा सांगतं. गाड्यांच्या नंबरप्लेट, शाळेच्या इमारतीचा न बांधलेला मजला, नदीचं पाणी, झाडांची सावली, लोकांच्या अंगावर स्वेटर आहेत की घोंगड्या, हे सगळं पुरावा असतं. सावलीची दिशा आणि 'सकाळची सभा' ही नोंद जुळत नसेल तर थांबा.

हातात मूळ फिल्म असेल तर तिची कडा पाहा. कोडॅक आपल्या फिल्मच्या कडेवर त्रिकोण, वर्तुळ, चौकोन अशा खुणांतून उत्पादनाचं वर्ष छापत असे. या खुणा वीस वर्षांनी पुन्हा येतात, म्हणून एकट्या खुणेवर भिस्त ठेवायची नाही. पण १९५६ म्हणून आलेल्या रिळाची कडा त्यानंतरच्याच वर्षाची निघाली तर वाद तिथेच मिटतो. नुसती प्रत असेल तर कडेवर मूळ निगेटिव्हची खूणही उमटलेली असू शकते, दोन्ही वेगवेगळ्या वाचा.

आणि त्या गावातल्या वयस्कर माणसांना दाखवा. चेहरे तेच ओळखतात. त्यांनी सांगितलेलं नाव लिहून घ्या, पण दुसऱ्या कुणाकडून तरी त्याची खातरी करा.

७. साठ वर्षं झाली म्हणजे फुटेज सगळ्यांसाठी खुलं, बरोबर?

अर्धं बरोबर. भारतीय कॉपीराइट कायदा १९५७ नुसार चित्रपटाचं संरक्षण तो प्रकाशित झाल्याच्या पुढच्या कॅलेंडर वर्षापासून साठ वर्षं चालतं. १९६० मध्ये प्रदर्शित झालेल्या चित्रपटाची मुदत २०२० च्या अखेरीस संपली. सरकारी कृतींनाही साठच वर्षं. हिशेब 'प्रकाशित' होण्यापासून आहे, चित्रीकरणापासून नाही. कपाटात पडून राहिलेल्या, कधीच लोकांना न दाखवलेल्या रिळाची साठ वर्षं सुरूच झालेली नसतात.

पुढची अडचण गाण्यांची. चित्रपटाची मुदत संपली तरी गीतकार आणि संगीतकार यांच्या कृतींचं संरक्षण त्यांच्या मृत्यूनंतर साठ वर्षं राहतं. समजा १९६० च्या मराठी चित्रपटात गदिमांचं गीत आणि सुधीर फडके यांची चाल आहे. चित्र २०२१ मध्ये खुलं झालं. गदिमा १९७७ मध्ये गेले, म्हणून शब्द २०३७ अखेरपर्यंत संरक्षित. बाबूजी २००२ मध्ये गेले, म्हणून चाल २०६२ अखेरपर्यंत. तेव्हा दृश्य घ्या, पण आवाज बंद करून घ्या किंवा वेगळी परवानगी काढा.

तिसरी अडचण सीमेची. भारतात मुदत संपली म्हणून इतरत्र संपत नाही. अमेरिकेत त्या काळातल्या प्रकाशित कृतींना पंचाण्णव वर्षांचा हिशेब लागू होऊ शकतो. तुमचा माहितीपट जागतिक ओटीटीवर जाणार असेल तर ही गोष्ट त्यांचे वकील पहिल्याच बैठकीत काढतील.

८. हक्कच उरले नाहीत, तर संस्था पैसे कशाचे मागते?

रीळ सांभाळण्याचे, तपासण्याचे, स्कॅन करण्याचे आणि प्रत देण्याचे. वातानुकूलित गोदामाचा खर्च साठ वर्षांनी थांबत नाही. हे शुल्क रास्त आहे आणि मी ते भरायलाच सांगते. फक्त कागदावर ते 'प्रत मिळवण्याचं शुल्क' आहे की 'परवाना शुल्क', हे स्पष्ट लिहून घ्या. परवाना म्हणून भराल तर पुढच्या वापरावर नसलेल्या अटी लागू करून घ्याल.

९. यूट्यूबवर आहे. तिथून उतरवून वापरलं तर?

नको. चॅनेलवर टाकणारा बहुतेक वेळा मालक नसतो, त्यामुळे त्याची परवानगी घेऊनही हातात काही येत नाही. दर्जा खालावलेला असतो, वेग बदललेला असतो, बाजू कापलेल्या असतात, कधी कुणी रंगही भरलेले असतात. शोधाची पहिली पायरी म्हणून यूट्यूब उत्तम आहे. वर्णनात, प्रतिक्रियांत, चित्राच्या कोपऱ्यातल्या अर्धवट वॉटरमार्कमध्ये मूळ मालकाचा माग लागतो. तिथून मागे मागे जात मूळ संग्रहापर्यंत पोहोचा.

१०. दहा सेकंदांपेक्षा कमी असेल तर परवानगी लागत नाही ना?

असा नियम कायद्यात कुठेही नाही. कलम ५२ मध्ये संशोधन धरून खाजगी वापर, समीक्षा किंवा परीक्षण आणि चालू घडामोडींचं वार्तांकन अशा हेतूंसाठी न्याय्य वापराची मोकळीक आहे. एखाद्या दिग्दर्शकाच्या शैलीची चर्चा करताना तुम्ही त्याच्या चित्रपटातलं दृश्य दाखवलं आणि निवेदन त्याच दृश्याबद्दल बोलत असेल तर तुमची बाजू मांडता येते. तेच दृश्य 'त्या काळचं वातावरण' म्हणून भरलं तर मांडता येणार नाही. सेकंद मोजू नका, कारण तपासा. आणि हा निर्णय संकलनाच्या टेबलावर नव्हे, वकिलासोबत घ्या.

११. दर कसा ठरतो आणि करारात काय असायलाच हवं? आमचं बजेट फार लहान आहे.

व्यावसायिक संग्रह सहसा सेकंदावर दर लावतात आणि त्यात किमान सेकंदांची अट असते. चार सेकंद वापरले तरी तीस सेकंदांचे पैसे, असं होऊ शकतं. दर कोणत्या माध्यमासाठी, कोणत्या देशांत आणि किती वर्षांसाठी यावर बदलतो. संशोधन शुल्क, स्कॅनिंग आणि परदेशी पैसे पाठवतानाची करकपात वेगळी.

करार लेखी हवा आणि त्यात मुदत आणि प्रदेश लिहिलेला हवाच. भारतीय कायद्यानुसार मुदत लिहिलेली नसेल तर ती पाच वर्षं धरली जाते आणि प्रदेश लिहिलेला नसेल तर फक्त भारत. पाच वर्षांनी एखादी वाहिनी तुमची फिल्म पुन्हा दाखवायला तयार होते आणि त्या एका रिकाम्या जागेमुळे ते राहून जातं. ट्रेलर, पोस्टर आणि समाजमाध्यमांवरची छोटी क्लिप हे वापरही वेगळे लिहून घ्या. ट्रेलरचं नेहमी विसरतं.

बजेट लहान असेल तर आधी फक्त महोत्सवांसाठीचा परवाना मागा आणि पुढचे दर आजच करारात बांधून घ्या. एकाच संग्रहातून जास्त शॉट घेतले तर सवलत मिळते. सर्वांत मोठी बचत संकलनात होते. एक शॉट दहा सेकंद राहू द्या. पाच संग्रहांतले दोन-दोन सेकंद जोडण्यापेक्षा तो स्वस्त पडतो आणि बघणाऱ्याला काही पाहायला तरी मिळतं.

१२. मालक सापडतच नाही. आता?

शोधाची वही ठेवा. कुणाला कधी पत्र पाठवलं, काय उत्तर आलं, कोणत्या जुन्या पत्त्यावर जाऊन आलात, सगळं तारखेसह लिहा. निर्माता वारला असेल तर वारस, कंपनी बुडाली असेल तर तिची देणी-घेणी कुणाकडे गेली, हक्क कधी विकले का, हे पाहा. मराठी निर्मितीसंस्थांच्या बाबतीत वितरकाकडे अनेकदा माग लागतो.

कॉपीराइट कायद्याच्या कलम ३१ए मध्ये मालक मृत, अज्ञात किंवा सापडत नसल्यास सक्तीच्या परवान्याची तरतूद आहे. त्यासाठी आधी वर्तमानपत्रात जाहीर सूचना द्यावी लागते. ही वाट लांबची आहे, छोट्या निर्मितीला परवडत नाही. पण 'मालक सापडला नाही, हक्कदारांनी संपर्क साधावा' अशी ओळ श्रेयनामावलीत टाकली म्हणजे कायदेशीर संरक्षण मिळालं, हा समज चुकीचा आहे. परदेशी प्रदर्शनासाठी एरर्स अँड ओमिशन्स विमा (हक्कांबाबतच्या चुकांवरून होणाऱ्या दाव्यांसाठीचा) लागला तर विमा कंपनी तुमची वहीच मागते.

१३. हव्या त्या घटनेचं फुटेज नाही. त्याच काळातलं दुसरं, दिसायला तसंच असलेलं लावलं तर कुणाला कळणार?

या कामात मला सर्वांत कळकळीने सांगावंसं वाटतं ते इथे. लावू नका.

समजा तुम्ही १२ जुलै १९६१ च्या पानशेतच्या पुरावर फिल्म करताय आणि निवेदन सांगतंय की लकडी पुलावरून पाणी गेलं. चित्रात मात्र दुसऱ्याच कुठल्या तरी नदीचा, दुसऱ्याच वर्षाचा पूर आहे. पुण्यातला जाणता माणूस ते क्षणात ओळखेल आणि तुमच्या पुढच्या प्रत्येक वाक्यावर शंका घेईल. ज्याला ओळखता येत नाही, त्याचं नुकसान त्याहून मोठं आहे. त्याच्या आठवणीत तोच पूर पानशेतचा म्हणून बसेल. वीस वर्षांनी कुणीतरी तुमच्या फिल्ममधून तो शॉट उचलेल. आणि त्या दुसऱ्या पुरात ज्यांची घरं गेली, त्यांचं दुःख परक्या नावाने चालवलं जाईल.

मग करायचं काय? त्या दिवसाची स्थिरचित्रं, वर्तमानपत्राचं पहिलं पान, पत्रं, आज त्या जागी जाऊन केलेलं चित्रीकरण, पूर पाहिलेल्या माणसाचा चेहरा आणि आवाज यांतून निवडा. फुटेज नाही हेच सांगा, कधी कधी ते सांगणंच सगळ्यात परिणामकारक ठरतं. काळाचं सर्वसाधारण वातावरण हवं असेल, म्हणजे साठच्या दशकातली मंडई, सायकली, पेठेतला रस्ता, तर तसं फुटेज जरूर वापरा. मात्र निवेदनाचं वाक्य त्या चित्रावर विशिष्ट तारीख किंवा ठिकाण चिकटवणारं नसावं. अडलंच तर पडद्यावर 'प्रातिनिधिक दृश्य' असं लिहा, वाचता येईल इतका वेळ.

१४. मग एआयने दृश्य बनवलं किंवा कृष्णधवल फुटेजला रंग दिले तर चालेल का?

बनवलेलं दृश्य जुन्या फुटेजसारखं, ओरखडे आणि धूळ घालून दाखवणं मला मान्य नाही. प्रश्न १३ मधली हानी इथे अनेक पटींनी होते, कारण खोटं दृश्य शोधत मागे जायला मूळ रीळही नसतं. अमेरिकेतल्या आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्स या जुन्या फुटेजवर काम करणाऱ्यांच्या संघटनेने २०२४ मध्ये माहितीपटांसाठी मार्गदर्शक सूचना काढल्या आणि त्यांचा भर पारदर्शकतेवर आहे. काय बनवलं, कशाने बनवलं, हे प्रेक्षकाला कळलं पाहिजे आणि निर्मितीच्या कागदपत्रांत त्याची नोंद राहिली पाहिजे. दृश्य चितारायचंच असेल तर चित्रकाराकडून ॲनिमेशन करून घ्या. ते आपण चित्र आहोत हे लपवत नाही.

रंगांचं थोडं वेगळं. पुरावा नसेल तिथेही संगणकाने अंदाजाने भरलेला रंग माहिती म्हणून वाचला जातो. झेंड्याचा, पागोट्याचा, लुगड्याचा रंग आपल्याकडे बरंच काही सांगतो. चुकला तर समाज आणि पक्षही बदलतात. शिवाय बऱ्याच संग्रहांच्या परवान्यात बदल करण्यावर बंदी असते. आधी करार वाचा.

१५. संग्रहाकडून कोणता दर्जा मागू? लोक धावत असल्यासारखे का दिसतात?

मूळ फिल्म उपलब्ध असेल तर नवं स्कॅन मागा, नव्वदच्या दशकात काढलेली बीटाकॅम व्हिडिओ टेपवरची प्रत नको. संपूर्ण चौकट (फ्रेम) स्कॅन करायला सांगा.

लोक धावताना दिसतात कारण मूकपट सेकंदाला सोळा-अठरा चौकटींच्या आसपास टिपले जात आणि आपण ते चोवीस किंवा पंचवीसने चालवतो. वेग सुधारून घ्या. तो हास्यास्पद वेग खरा नाही आणि आपल्या पणजोबांना त्या चालीने चालताना दाखवणं बरं नव्हे. जुनं चित्र रुंद पडद्यावर बसवण्यासाठी वरून-खालून कापलं तर उंचीचा चौथा भाग जातो. पागोटी आणि पाय दोन्ही जातात. दोन्ही बाजूंना काळी पट्टी राहू द्या.

१६. आमच्या माळ्यावर आजोबांची ८ मिमीची रिळं आहेत. त्यांचं काय करू?

प्रोजेक्टरवर लावू नका. आकसलेली फिल्म त्यात फाटते. डबा उघडल्यावर व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर ॲसिटेट फिल्म सडू लागली आहे. ती बाकीच्या रिळांपासून लांब, थंड आणि कोरड्या जागी ठेवा आणि लवकर स्कॅन करून घ्या. फिल्म ३५ मिमीची आणि १९५० च्या आधीची असेल तर ती नायट्रेट असू शकते, म्हणजे अत्यंत ज्वलनशील. घरात ठेवू नका, हात न लावता आधी संग्रहालयाला किंवा मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनसारख्या संस्थेला विचारा.

डब्यावर जे काही लिहिलंय त्याचा फोटो काढा. घरातल्या सर्वांत वयस्कर माणसाला समोर बसवून रिळात कोण कोण असेल ते रेकॉर्ड करा. हे आज करा. स्कॅन पुढच्या महिन्यातही होईल.

कुणी निर्माता ती वापरायला मागत असेल तर मूळ रीळ कुरिअरने पाठवू नका आणि 'सर्व हक्क कायमचे' अशा कागदावर सही करू नका. त्या एका फिल्मपुरता वापर लिहून द्या.

१७. फुटेजमध्ये दिसणाऱ्या माणसांची परवानगी लागते का?

सार्वजनिक ठिकाणच्या गर्दीतल्या प्रत्येकाची घेणं शक्य नसतं आणि बातमी किंवा इतिहासाच्या मांडणीत ते सहसा मागितलंही जात नाही. जाहिरातीत मात्र गणित बदलतं. तिथे ओळखू येणाऱ्या व्यक्तीची वेगळी परवानगी लागते. छत्रपती शिवाजी महाराज आणि महात्मा गांधी यांची नावं आणि चित्रं व्यापारी कारणासाठी वापरण्यावर तर १९५० च्या बोधचिन्हं आणि नावं विषयक कायद्याचं बंधन आहे.

कायदा जिथे गप्प आहे तिथे आपण विचार करायचा. दंगलीतली जखमी बाई, दुष्काळात खडी फोडणारी मुलं, भूकंपानंतर ढिगाऱ्याशी बसलेला बाप, यांपैकी कुणीही कॅमेऱ्याला हो म्हटलेलं नव्हतं. कुटुंब शोधता येत असेल तर शोधा आणि प्रदर्शनाआधी त्यांना दाखवा. मृतदेहावर शॉट रेंगाळत ठेवू नका. तोच चेहरा शीर्षकगीतात पुन्हा पुन्हा आणू नका.

१८. आम्ही कथापट करतोय, माहितीपट नाही. पात्र टीव्हीवर जुनी बातमी पाहतं, एवढंच. त्यालाही हे सगळं लागू?

हक्कांच्या बाबतीत पूर्णपणे. पडद्यातल्या पडद्यावर दिसलं तरी तो वापरच असतो. त्या बातमीतला निवेदक, वाहिनीचं बोधचिन्ह आणि मागचं संगीत यांच्याही परवानग्या वेगळ्या असू शकतात. काळ मात्र काटेकोर पाळा. भारतात रंगीत प्रसारण १९८२ मध्ये आलं. १९७९ च्या चाळीत रंगीत बातम्या लागल्या तर प्रेक्षक गोष्टीतून बाहेर येतो. खऱ्या नेत्याच्या खऱ्या फुटेजमध्ये तुमचा नट बसवणार असाल तर संग्रहाला आधी तसं स्पष्ट सांगा, कारण साध्या परवान्यात ते बसत नाही.

१९. फिल्म पूर्ण झाली. जमवलेल्या साहित्याचं पुढे काय?

न वापरलेले स्क्रीनर, म्हणजे नुसतं पाहण्यासाठी मिळालेल्या प्रती, करारानुसार नष्ट करा. वापरलेल्या प्रत्येक शॉटचा स्रोत, टाइमकोड, मुदत आणि परवान्याची प्रत यांची यादी निर्मात्याकडे आणि तुमच्याकडे, दोन ठिकाणी ठेवा. मुदत संपण्याच्या सहा महिने आधीची तारीख दिनदर्शिकेत लिहा. कुटुंबांकडून घेतलेली रिळं स्वतः नेऊन द्या आणि सोबत स्कॅनची प्रतही द्या.

शोधताना एखादी चुकीची नोंद तुमच्या लक्षात आली असेल, चेहरा ओळखला गेला असेल किंवा तारीख पक्की झाली असेल, तर ते त्या संग्रहाला लेखी कळवा, पुराव्यासह. कॅटलॉग त्यातूनच सुधारतो आणि तुमच्यानंतर त्याच रिळापर्यंत येणाऱ्याचे चार महिने वाचतात.